गुप्त प्राणीरक्षकांची फँटसी लिहायचीय? मग संघटना सगळ्यात शेवटी बनवा

काळाची उलथापालथ झालेलं जग आणि त्यात प्राणी वाचवणारी एक गुप्त संघटना, ही कल्पना घेऊन लिहायला बसणारे नवीन लोक मला बरेच भेटतात. बहुतेकांच्या वहीत संघटनेचं नाव, शपथ, अंगठीवरचं चिन्ह, खुणेचा शब्द सगळं तयार असतं, पण ज्याला वाचवायचंय तो प्राणी खातो काय, हे कुठेच नसतं. मी बरीच वर्षं असंच एक जग रचतोय आणि अनुभवाने सांगतो, आधी एकच प्राणी निवडा आणि तो का संपला हे खोलात जाऊन वाचा, निम्मी गोष्ट तिथेच हाताला लागते.

माझी आवडती आहे स्टेलरची समुद्रगाय, समुद्रात राहणारा एक अवाढव्य सस्तन प्राणी. 1741 मध्ये दर्यावर्दी बेरिंगच्या रशियन मोहिमेचं जहाज फुटलं आणि माणसं एका ओसाड बेटावर अडकली, तिथे मोहिमेतला निसर्ग-अभ्यासक गेऑर्ग स्टेलर याने ही पाहिली. आठ मीटरपर्यंत लांब, संथ, किनाऱ्यालगत केल्प नावाचं समुद्री शेवाळ चरत बसणारी. 1768 पर्यंत खलास, म्हणजे अवघ्या 27 वर्षांत! कारण तिकडून जाणारी फर व्यापाऱ्यांची जहाजं पुढच्या प्रवासासाठी तिचं मांस भरून घ्यायची. आता सांगा, तुमचा रक्षक तिथे तलवार घेऊन करणार काय? माझ्या जगात संघटनेचे लोक रशियाच्या अतिपूर्वेकडच्या कामचाटकाच्या बंदरात शिधा विकणारे व्यापारी बनून राहतात आणि प्रत्येक जहाजात इतकं पीठ आणि खारवलेले मासे भरून देतात की त्याला त्या बेटाकडे वळायची गरजच पडू नये. शिवाय त्यांना समुद्री ऑटर, म्हणजे समुद्रातली पाणमांजरंही सांभाळावी लागतात, कारण ऑटर सी अर्चिन नावाचे काटेरी गोळ्यांसारखे समुद्री जीव खातात आणि अर्चिन माजले की केल्प फस्त करतात, आणि व्यापारी आलेले असतात नेमके ऑटरच्याच कातड्यासाठी. बघा, एका प्राण्याच्या खाण्यातून व्यापार, हेरगिरी, भांडण सगळं निघालं.

आणि "शेवटची जोडी पळवून आणली, झालं" असं करू नका प्लीज. पॅसेंजर पिजन ही उत्तर अमेरिकेतली रानकबुतरं, ते एके काळी अब्जावधी होते आणि प्रचंड मोठ्या वसाहती करून पिल्लं वाढवायचे. त्यांतली शेवटची, मार्था नावाची मादी, 1 सप्टेंबर 1914 ला अमेरिकेतल्या सिनसिनाटीच्या झूमध्ये मेली. असा पक्षी वाचवायचा तर अख्खा थवा वाचवावा लागतो, वर तो थवा पोसायला जंगलही.

काळाचे नियम मात्र पहिल्याच पानावर ठरवून टाका, कारण वाचक जादू माफ करतो पण बदलते नियम नाही. इकडचा एक दिवस म्हणजे तिकडचं एक वर्ष असेल, तर हत्तीण 22 महिने गाभण राहते आणि रक्षक दोन दिवस घरी जाऊन आला तर पिल्लू होऊनही गेलेलं असणार, मग त्याच्या गैरहजेरीत तिच्याजवळ कोण होतं? फार मागे गेलात तर दिवसही आजचा राहत नाही. जॉन वेल्स या संशोधकाने 1963 मध्ये जीवाश्म प्रवाळांवरच्या वाढीच्या रेषा मोजून दाखवलं की डेव्होनियन काळात, म्हणजे सुमारे 40 कोटी वर्षांपूर्वी, वर्षाचे साधारण 400 दिवस होते, म्हणजे दिवस जेमतेम 22 तासांचा. पहाऱ्याच्या पाळ्या त्या हिशोबाने लावाव्या लागतात, अशा तपशिलाने जग एकदम खरं वाटायला लागतं.

राहिली गुप्तता. तिला ठोस कारण द्या. ऑस्ट्रेलियात 1994 मध्ये वोलेमाय पाइन या अतिशय दुर्मिळ जातीची झाडं सापडली, ती जागा अजूनही गुप्त ठेवलीय, कारण येणाऱ्यांच्या बुटांना चिकटलेल्या मातीतून मुळं कुजवणारा रोग पोचू शकतो. 2019-20 च्या वणव्यात तर ती वाचवायला हेलिकॉप्टरमधून अग्निशमनवाले उतरवले होते. हे वाचल्यापासून माझ्या संघटनेत दीक्षेचा विधी एकच आहे, नवीन आलेल्याने सगळ्यांदेखत बुटांचे तळवे ब्रशने घासून धुवायचे, फटीत मातीचा एक कण जरी दिसला तरी परत पहिल्यापासून.

नवीन असाल तर पहिला आठवडा काहीच लिहू नका. निवडलेल्या प्राण्याचं खाणं, विणीचा हंगाम, शत्रू आणि तो ज्या दुसऱ्या जिवांवर अवलंबून आहे त्यांची नावं एका पानावर काढा, मग त्यातली कुठली कामं माणूस लपून करू शकेल त्यावर खुणा करा. त्या खुणा केलेल्या कामांसाठी जी माणसं लागतील ती तुमची संघटना.