शिळ्या ब्रेडचा कुरकुरीत फ्रेंच टोस्ट

कोल्हापुरात मिसळीबरोबर पुण्या-मुंबईसारखा पाव नव्हे, तर स्लाइस ब्रेड खाल्ला जातो. त्यामुळे रविवारी सकाळी घरी मिसळ झाली, की सोमवारी डब्यात ब्रेडचे पाच-सहा तुकडे हमखास उरलेले असतात. बहुतेक घरांत ते चहात बुडवून संपवले जातात. माझ्या मते या उरलेल्या ब्रेडचा सर्वांत चांगला उपयोग फ्रेंच टोस्टसाठी होतो, आणि त्यातही कॉर्नफ्लेक्सच्या जाडसर चुऱ्यात घोळवून तुपावर भाजलेल्या, बाहेरून कुरकुरीत आणि आतून खरवसासारख्या मऊ टोस्टसाठी. फ्रान्समध्ये या पदार्थाला ‘पाँ पेर्द्यू’, म्हणजे ‘वाया गेलेला पाव’ असे म्हणतात. शिळा पाव पुन्हा खाण्याजोगा करणे हाच त्याचा मूळ हेतू आहे, त्यामुळे ताजा ब्रेड मुद्दाम आणून तो करण्यापेक्षा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीच्या ब्रेडचा केलेला टोस्ट अधिक चांगला होतो.

कृतीकडे वळण्यापूर्वी एक गोष्ट समजून घेतली, तर पुढच्या सर्व सूचनांचे कारण आपोआप कळेल. एखादा पदार्थ कुरकुरीत लागतो, तेव्हा त्याच्या बाहेरच्या थरात पाणी जवळजवळ उरलेले नसते. जोपर्यंत त्या थरात ओलावा आहे, तोपर्यंत त्याचे तापमान 100 अंश सेल्सियसच्या पुढे फारसे जात नाही, आणि चांगला तांबूस रंग व भाजका स्वाद तर साधारण 140 अंशांच्या पुढेच येतो. फ्रेंच टोस्टमध्ये अडचण अशी, की ज्या ब्रेडला आपण कोरडे कवच द्यायचे ठरवतो, तोच ब्रेड आधी दूध-अंड्यात भिजवलेला असतो. आतला ओलावा आत राहील आणि बाहेरचा थर कोरडा होईल, एवढीच काळजी या संपूर्ण कृतीत प्रत्येक पायरीवर घ्यायची असते.

सुरुवात ब्रेडपासून करू. बाजारातील कापलेल्या ब्रेडचा तुकडा साधारण एक ते सव्वा सेंटिमीटर जाड असतो. त्याचा टोस्ट होतो, पण आतला मऊ भाग पातळ राहतो. बेकरीतून न कापलेला ब्रेड मिळाला, तर तो एक दिवस ठेवून दुसऱ्या दिवशी दोन सेंटिमीटर जाडीचे तुकडे कापावेत. ब्रेड शिळा होताना त्यातील पिष्ट पुन्हा घट्ट होते, म्हणून शिळा तुकडा भिजल्यावरही आपला आकार धरून ठेवतो. ताजा मऊ ब्रेड मात्र दूध लागताच लगदा होतो आणि हातात तुटतो. ब्रेड ताजाच असेल, तर मंद आचेवरच्या कोरड्या तव्यावर दोन्ही बाजूंनी तीन-चार मिनिटे ठेवून त्याचा वरचा ओलावा काढून टाकावा, पण त्याला रंग येऊ देऊ नये. उन्हाळ्यात तुकडे रात्रभर जाळीवर पसरून ठेवले तरी चालते. पावसाळ्यात असे कधीही करू नये, कारण जुलै-ऑगस्टमधल्या कोल्हापूरच्या दमट हवेत ब्रेड वाळण्याऐवजी त्याला बुरशी धरते. बुरशीचा एक ठिपका दिसला, तरी तेवढाच भाग काढून उरलेला वापरण्याचा मोह टाळावा आणि तो ब्रेड टाकून द्यावा. वाया घालवू नये हा हेतू योग्यच आहे, परंतु शिळा ब्रेड आणि खराब झालेला ब्रेड यांत फरक आहे.

आता कवचाविषयी, कारण या टोस्टचे सारे वेगळेपण त्यातच आहे. सहा जाड तुकड्यांसाठी तीन कप साधे, बिनसाखरेचे कॉर्नफ्लेक्स पुरतात. ते नाश्त्याला दुधात घालून खातात तेच असावेत. किराणा दुकानात चिवड्यासाठी मिळणारे मक्याचे कच्चे पोहे दिसायला तसेच असले, तरी ते भरपूर गरम तेलात तळल्यावरच फुलतात. तव्यावर ते खड्यासारखे कडक राहतात आणि दातांना त्रास देतात. दुकानदाराकडे नुसते ‘मक्याचे पोहे’ मागितले, तर तेच हातात पडण्याची शक्यता अधिक असते. मध किंवा साखरेचे आवरण असलेले कॉर्नफ्लेक्सही घेऊ नयेत, कारण आतले अंडे शिजण्याआधीच ती साखर करपते.

पाकीट उघडून काही दिवस झाले असतील, तर कॉर्नफ्लेक्स सादळलेले असतात. ते कढईत मंद आचेवर चार-पाच मिनिटे परतून घ्यावेत आणि पूर्ण गार झाल्यावरच कुटावेत. गरम असताना ते मऊ वाटतात आणि त्यांचा चुरा एकसारखा होत नाही. कुटण्यासाठी मिक्सर वापरू नये. मिक्सरमध्ये क्षणात पीठ होते, ते पीठ भिजलेल्या ब्रेडवरचा ओलावा शोषून घेते आणि कवचाऐवजी चिकट लेप तयार होतो. कॉर्नफ्लेक्स जाड पिशवीत भरून वरून लाटणे फिरवावे आणि पातळ पोह्यांच्या तुकड्याएवढा चुरा झाला, की थांबावे. त्यात काही तुकडे मोठे आणि काही बारीक असणे चांगले, कारण बारीक कण ब्रेडला धरून राहतात आणि मोठे तुकडे दाताखाली वाजतात. या चुऱ्यात दोन चमचे पांढरे तीळ घातल्यास स्वाद फार छान येतो. खोबऱ्याचा कीस घालण्याचा सल्ला अनेक जण देतात. तो फार लवकर जळतो, म्हणून मी तो घालत नाही. शेंगदाण्याचा कूट तेलकट असल्यामुळे कुरकुरीतपणा वाढवण्याऐवजी कमी करतो.

कॉर्नफ्लेक्स नसतील, तर बेकरीतला चहाबरोबर खाण्याचा टोस्ट जाडसर कुटून वापरावा. तो दोनदा भाजलेला असल्यामुळे मुळातच कोरडा असतो. मात्र त्यात साखर असते, म्हणून आच थोडी कमी ठेवावी लागते.

दूध आणि अंड्याचे मिश्रण अगदी साधे आहे. तीन अंडी, पाऊण कप म्हणजे सुमारे 180 मिलिलिटर दूध, एक मोठा चमचा पिठीसाखर, चिमूटभर मीठ, अर्धा छोटा चमचा दालचिनीची पूड आणि थोडे किसलेले जायफळ एवढे जिन्नस लागतात. आपल्याकडे म्हशीचे दूध सहज मिळते, आणि या पदार्थाला ते गाईच्या दुधापेक्षा अधिक मानवते. त्यात स्निग्धांश जास्त असल्यामुळे आतला गर भरीव होतो. गंगावेशीतील दूध कट्ट्यावर समोर म्हैस पिळून दिलेले धारोष्ण दूध पिण्याची कोल्हापूरची रीत प्रसिद्ध आहे, पण येथे दूध उकळून, पूर्ण गार करून आणि साय बाजूला काढूनच वापरावे. दूध गरम असेल, तर अंड्याच्या गुठळ्या होण्याची भीती असते, आणि साय राहिली तर ती ब्रेडवर चिकटून त्या जागी चुरा बसत नाही. प्रथम अंडी, साखर, मीठ आणि मसाले फेटून एकजीव करावेत आणि मग दूध घालावे. पांढऱ्याचे धागे राहिले असतील, तर मिश्रण गाळून घ्यावे. साखर यापेक्षा वाढवू नये. गोडवा वरून देता येतो, पण तव्यावर करपलेली साखर कडूच लागते.

आता भिजवणे. मिश्रण पसरट ताटात ओतावे, म्हणजे तुकडा आडवा मावतो. दोन सेंटिमीटर जाडीचा शिळा तुकडा प्रत्येक बाजूने 20 ते 30 सेकंद भिजवावा. बाजारच्या पातळ तुकड्याला प्रत्येक बाजूने आठ-दहा सेकंद पुरेसे होतात. तुकडा उचलल्यावर तो वाकला तरी चालेल, पण फाटता कामा नये. पुढची गोष्ट घाईत राहून जाते आणि बहुतेक वेळा टोस्ट बिघडतो तो इथेच: भिजलेला तुकडा ताटावर उभा धरून जादा मिश्रण निथळू द्यावे. निथळल्याशिवाय तो चुऱ्यात टाकला, तर चुरा ओला होऊन त्याचे गोळे होतात आणि भाजताना ते सुटून तुपात जळतात.

निथळलेला तुकडा चुऱ्यावर ठेवून वरूनही चुरा पसरावा आणि तळहाताने हलकेच दाबावा. कडाही विसरू नयेत. एका हाताने ओले आणि दुसऱ्या हाताने कोरडे काम करावे, म्हणजे बोटांना लपका बसत नाही. सगळा चुरा एकदम ताटात न ओतता थोडा थोडा घ्यावा, कारण दोन-तीन तुकड्यांनंतर खालचा चुरा ओलसर होतोच. घोळवलेले तुकडे दोन-तीन मिनिटे ठेवल्यास कवच घट्ट बसते. दहा-पंधरा मिनिटे ठेवल्यास मात्र चुरा सादळतो. म्हणून तव्यावर एका वेळी मावतील तेवढेच तुकडे घोळवावेत.

भाजण्यासाठी जाड बुडाचा तवा किंवा पसरट पॅन घ्यावा. नुसते लोणी वापरल्यास त्यातील दुधाचे कण काळे पडतात आणि कवचाला डाग पडतात. तूप उत्तम, ते जास्त आच सहन करते आणि त्याचा वास कॉर्नफ्लेक्सच्या मक्याशी छान जुळतो. दर दोन तुकड्यांमागे एक ते दीड मोठा चमचा तूप मध्यम आचेवर तापवावे आणि चुऱ्याचा एक कण टाकून पाहावा. कणाभोवती लगेच बारीक बुडबुडे आले, म्हणजे तूप तयार आहे. तूप तापण्याआधी तुकडा ठेवला, तर कवच तूप पिते आणि जड होते. तुकडा ठेवल्यावर आच मध्यमपेक्षा किंचित कमी करावी, दोन-अडीच मिनिटे त्याला हात लावू नये आणि खालची बाजू सोनेरी तांबूस झाल्यावर रुंद उलथन्याने एकदाच उलटावा. सारखे उलटत राहिल्यास चुरा गळतो. दुसऱ्या बाजूसाठी थोडे तूप कडेने सोडावे, कारण पहिल्या बाजूने बरेच शोषलेले असते.

दूध मिसळलेले अंडे साधारण 80 अंशांच्या आसपास घट्ट होते. टोस्ट मधोमध बोटाने दाबल्यावर परत वर आला, तर तो आत शिजला आहे. खोलगट राहिला किंवा कडेने पिवळसर पाणी आले, तर आणखी एक-दोन मिनिटे द्यावीत. बाहेर रंग आला आणि आत कच्चे राहिले, याचा अर्थ आच जास्त होती. अशा वेळी आच अगदी मंद करून दोन्ही बाजू पुन्हा थोड्या थोड्या भाजाव्यात. झाकण मात्र ठेवू नये. झाकणाखाली वाफ कोंडते आणि तेवढ्या मिनिटभरात सगळ्या मेहनतीने केलेले कवच मऊ पडते. एका खेपेचे तुकडे काढून पुढचे ठेवण्याआधी तव्यात पडलेला जळका चुरा पुसून घ्यावा, नाहीतर पुढच्या तुकड्यांना कडवट वास लागतो.

तव्यावरून काढलेला टोस्ट ताटात किंवा कागदावर ठेवू नये. खालून निघणारी वाफ तिथेच अडकते आणि खालची बाजू ओली होते. आपल्या प्रत्येक स्वयंपाकघरात पापड भाजण्याची जाळी असते. ती एखाद्या ताटावर थोडी उंच ठेवून त्यावर टोस्ट दोन मिनिटे ठेवावा. एवढ्याने कवच टिकते आणि जादा तूपही निथळते.

परदेशात यावर मेपलचा पाक घालतात. कोल्हापुरात राहून तो महागडा पाक शोधत बसण्याचे काहीच कारण नाही, कारण ऊसाचा हंगाम सुरू झाला, की गुऱ्हाळांवरची ताजी काकवी मिळते. भाकरीबरोबर आणि घावनाबरोबर आपण ती खातोच. दालचिनी घातलेल्या, तुपात भाजलेल्या टोस्टवर तिचा किंचित खारट, भाजक्या उसासारखा गोडवा मला मेपलपेक्षा सरस वाटतो. प्राचीन रोमच्या एका पाककृतिसंग्रहातही दुधात भिजवून तळलेल्या पावावर मध ओतण्याची कृती आहे, त्यामुळे असा पातळ गोडवा वरून घालण्याची पद्धत फार जुनी म्हणता येईल. हंगाम नसेल, तर 2014 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेला आपला कोल्हापुरी गूळ किसून, दोन चमचे पाण्यात मंद आचेवर विरघळवून आणि गाळून घ्यावा. काकवी असो वा गुळाचा पाक, तो खाणाऱ्याने खाताना आपापल्या ताटात घालावा. आधीच ओतून ठेवला, तर पाच मिनिटांत कवच मऊ होते. बरोबर केळ्याच्या चकत्या चांगल्या लागतात.

गोड न आवडणाऱ्यांसाठी याच पद्धतीने तिखट टोस्ट होतो. मिश्रणातील साखर, दालचिनी आणि जायफळ वगळून त्यात अर्धा छोटा चमचा घरची कांदा-लसणाची चटणी, बारीक चिरलेली कोथिंबीर आणि चवीपुरते मीठ घालावे. चटणी नेहमी अंड्यात मिसळावी. ती कोरड्या चुऱ्यात मिसळली, तर थेट तव्याला लागून जळते आणि घरभर ठसका उठतो.

अंडे चालत नसेल, तर एक कप गार दुधात दोन मोठे चमचे कस्टर्ड पावडर आणि एक मोठा चमचा मैदा गुठळी न होऊ देता कालवावा. हे पीठ सतत तळाशी बसते, म्हणून प्रत्येक तुकडा बुडवण्याआधी मिश्रण ढवळावे. पातळ तुकडेच घ्यावेत आणि भिजवण्याचा वेळ निम्म्यावर आणावा. कवच तितकेच कुरकुरीत होते, आतला गर मात्र अंड्याइतका भरीव होत नाही.

उरलेले दूध-अंड्याचे मिश्रण आणि त्यात ओला झालेला चुरा पुढच्या वेळेसाठी ठेवू नये. चुरा कोरडा असतानाच बाजूला काढलेला असेल, तर तो घट्ट झाकणाच्या डब्यात महिनाभर राहतो. भाजलेले टोस्ट उरले, तर गार करून फ्रिजमध्ये ठेवावेत आणि दुसऱ्या दिवशी कोरड्या तव्यावर, तूप न घालता, मंद आचेवर दोन्ही बाजूंनी तीन-तीन मिनिटे गरम करावेत. मायक्रोवेव्हमध्ये ते गरम होतात, पण आतली वाफ कवचात शिरून ते चामट होतात.