नाकावरचा मास्क नीट बसवायचा कसा

झोपेत श्वास अडणाऱ्यांना सीपॅप, म्हणजे नाकावरच्या मास्कमधून दाबाने हवा देणारं मशीन, लावून झोपावं लागतं. त्या मास्कमधून हवा गळतेय म्हणून पट्टे आवळू नका. सगळ्यात आधी हेच सांगते, कारण पहिले दोन महिने मी तेच करत होते आणि त्यापायी नाकाच्या हाडावर जखम करून घेतली होती.

मी वाईची. जिल्हा परिषदेच्या शाळेत ३४ वर्षं शिकवून निवृत्त झाले. घोरणं जुनंच होतं. पण एके दिवशी सकाळी चहा घेताना हे म्हणाले, "तुझा श्वास मधेच थांबतो गं. काल मी जागा राहून मोजत होतो." मग पुण्याला जाऊन स्लीप स्टडी, म्हणजे झोपेतल्या श्वासाची तपासणी, केली. तासाला सरासरी ३६ वेळा श्वास अडत होता. पाचाच्या आत असेल तर काळजी नाही, तिसाच्या वर गेलं की आजार तीव्र, असा हिशेब डॉक्टरांनी समजावला आणि सीपॅप मशीन घ्यायला सांगितलं.

मास्क बसवायला जो मुलगा आला, त्याने मला सोफ्यावर ताठ बसवलं, पट्टे ओढले, "झालं काकू" म्हणाला आणि दहा मिनिटांत गेला. बसून घातलेला तो मास्क आडवं झाल्यावर जागेवर राहीना. डाव्या डोळ्यात फुर्र करून हवा जायची, सकाळी डोळा लाल. मी रोज पट्टा थोडा आणखी ओढायची. शेवटी तपासणीला गेले तेव्हा स्लीप लॅबमधल्या एका ताईंनी अर्धा तास खर्च करून मला शिकवलं. त्या अर्ध्या तासाने माझी रात्र बदलली. तेच इथे लिहिते आहे.

आधी मास्क धरतो कशाने, ते समजून घ्या. झोपेत घशातला मऊ भाग सैल पडतो आणि श्वासाची वाट बुजते. मशीन दाबाने हवा पाठवून ती वाट उघडी ठेवतं. ऑस्ट्रेलियात सिडनीमध्ये डॉ. कॉलिन सुलिव्हन यांनी १९८१ साली हा उपचार पहिल्यांदा मांडला, तेव्हा मास्क माणसाच्या नाकावर अक्षरशः चिकटवावा लागायचा. आता तसं करावं लागत नाही, ते सिलिकॉनच्या कुशनमुळे. तुमचा मास्क उजेडात धरून बघा. बऱ्याच मास्कच्या कुशनला दोन थर असतात. आतला जाड, आकार धरून ठेवणारा. बाहेरचा कांद्याच्या पापुद्र्यासारखा पातळ. मशीनची हवा त्या पातळ थराच्या आतून भरते आणि तो फुगून कातडीला टेकतो. हवा अडते ती ह्या फुगलेल्या थरामुळे. तळताना पुरी झाऱ्याने हलकी दाबली की टम्म फुगते, पण दाबूनच धरली तर चपटी राहते ना, तसंच हे आहे. पट्टे आवळले की दोन्ही थर एकमेकांवर चेपतात, पातळ थराला चुण्या पडतात आणि त्या चुण्यांतूनच हवा निसटते. म्हणून जितकं आवळाल तितकं गळेल.

माप चेहऱ्याचं घ्यायचं नसतं, नाकाचं घ्यायचं असतं. बहुतेक कंपन्या मापाचा कागद देतात, तो मागून घ्या. कुशनची कड नाकपुड्यांच्या बाहेर अगदी लगत बसली पाहिजे, पण नाकपुड्या दाबल्या जाता कामा नयेत, आणि खालची कड वरच्या ओठाच्या वर राहिली पाहिजे. दोन मापांच्या मधे अडलात तर आधी लहान घालून बघा. मोठा मास्क डोळ्यांच्या कोपऱ्यात सरकतो आणि तिथेच गळतो. कवळी वापरत असाल आणि रात्री काढून ठेवत असाल, तर माप कवळी काढून घ्या. आमच्या वन्संनी दिवसा कवळी लावून माप दिलं. रात्री वरचा ओठ आत गेला आणि कुशनखाली फट पडली. मिशी दाट असेल तर त्या केसांतूनही हवा निघते. अशा वेळी नाकपुड्यांच्या तोंडाशी बसणारा, पिलो प्रकारचा मास्क बरा पडतो.

एक गोष्ट विकत घेतानाच विचारा. काही मास्कच्या पट्ट्यांना चिमट्याऐवजी लोहचुंबकाची बटणं असतात. घालायला फार सोपी, हात थरथरणाऱ्या माणसाला तर वरदानच. पण तुम्हाला किंवा शेजारी झोपणाऱ्याला पेसमेकर असेल किंवा डोक्यात शस्त्रक्रियेची धातूची क्लिप असेल, तर तो मास्क घेऊ नका.

आता चमकीचं. हे मला कुठल्याच पुस्तिकेत सापडलं नाही, म्हणून जरा सविस्तर लिहिते. माझ्या डाव्या नाकात सासूबाईंनी दिलेली सात खड्यांची चमकी आहे. लग्नापासून ती मी क्वचितच काढली असेल. माझ्या मास्कची कड नेमकी तिच्यावर यायची. खड्यांमुळे कुशन तिथे केसभर उचललेलं राहायचं आणि रात्रभर बारीक शिट्टी वाजायची. ताईंनी बोट ओलं केलं, मास्कच्या कडेकडेने फिरवलं आणि चमकीपाशी थांबवलं. "काकू, गार लागतंय का बघा." लागत होतं. डोळ्यात जाणारी हवा पट्ट्यांमुळे होती, पण शिट्टी हिची होती. मला ती काढायचं जिवावर आलं, हे खरंच सांगते. आता रात्री साडेनऊला फिरकी सोडवते, चमकी देवघरातल्या कुंकवाच्या करंड्याशेजारी लहान डबीत ठेवते आणि सकाळी आंघोळीनंतर घालते. इतक्या वर्षांचं छिद्र एका रात्रीत बुजत नाही. नवीन नाक टोचलेल्यांनी मात्र असं करू नये, त्यांनी नाकाच्या खालून टेकणारा मास्क मागावा. चमकी काढायची नसेल त्यांनाही तोच चालतो, कारण तो नाकाच्या बाजूला लागतच नाही.

रात्रीची तयारी अशी. साबणाने चेहरा धुऊन कोरडा करा. क्रीम, व्हॅसलीन, साय, काही लावू नका. तेलकट कातडीवर सिलिकॉन घसरतं आणि लवकर खराबही होतं. डोक्याला तेल लावायचं तर सकाळी लावा, नाहीतर पट्टे ते पितात आणि सैल पडतात. अंबाडा घालून झोपू नका, मागचा पट्टा त्याच्यावर चढतो. सैल वेणी घालून खांद्यावरून पुढे घ्या.

मग पलंगावर बसा आणि पट्ट्यांची वेल्क्रो चारही बाजूंनी सोडून सैल करा. कुशन नाकावर ठेवून एका हाताने धरा आणि दुसऱ्या हाताने पट्टे डोक्यावरून मागे घ्या. मागचा भाग मानेच्या वर, जिथे कवटी संपते त्या खळग्यात, सपाट बसला पाहिजे. खालचे पट्टे कानाखालून जातात, कानावरून नाही. वेल्क्रो नुसती टेकवा. नळी जोडा, मशीन सुरू करा आणि आडवे व्हा. खरं बसवणं इथून पुढे सुरू होतं, कारण आडवं झालं की गाल मागे पडतात आणि चेहऱ्याचा आकार बदलतो. मशीनमध्ये हवा हळूहळू वाढण्याची सोय असेल तर ती एवढ्यापुरती बंद करा. मास्क पूर्ण दाबालाच तपासायचा असतो.

आता मास्कची चौकट दोन बोटांनी धरून चेहऱ्यापासून सरळ वर उचला, अर्धा इंच. हवा भसकन बाहेर येईल. कुशन फुगू द्या आणि तसंच हळूच नाकावर परत ठेवा. नव्वद टक्के गळती मला तरी एवढ्यानेच थांबलेली दिसते. तरीही राहिली तर आधी खालचे दोन्ही पट्टे एकदम, सारखे, एक-एक दोरा ओढा, मग वरचे. एकच बाजू कधीही ओढू नका, मास्क तिरका होतो. डोळ्याकडे हवा जात असेल तर वरचे पट्टे आणि कपाळाचा टेकू असल्यास तो बघा. ओठाकडे जात असेल तर खालचे. पट्टा आणि गाल ह्यांच्या मधे दोन बोटं सहज गेली पाहिजेत.

मग डाव्या कुशीवर वळा, उजव्या कुशीवर वळा आणि दोन्हीकडे तपासा. उशी मास्कला ढकलत असेल तर डोकं उशीच्या काठावर आणा, म्हणजे मास्क हवेत राहतो. नळी पलंगाच्या डोक्याकडून वरून घ्या, म्हणजे वळताना ओढली जात नाही. आणि हे लक्षात ठेवा, मास्कच्या पुढच्या बाजूला बारीक भोकं असतात, तिथून सतत मंद हवा येते ती गळती नव्हे. उच्छ्वास बाहेर जाण्याची ती वाट आहे. थंडी वाजते म्हणून त्यावर पांघरूण किंवा चिकटपट्टी लावू नका.

मास्क बरोबर बसला की नाही, हे सकाळचा आरसा सांगतो. फिकट वळ असतील आणि अर्ध्या तासात गेले तर ठीक. दुपारपर्यंत लाल राहिले किंवा कातडी सोलली तर तो मास्क घट्ट आहे किंवा मापाचा नाही.

नाकाच्या मास्कमध्ये तोंड उघडलं की सगळी हवा तोंडातून बाहेर येते. दिवसा मास्क लावून "काय?" एवढं म्हणून बघा, कळेल. सकाळी तोंड लाकडासारखं कोरडं पडत असेल तर झोपेत तोंड उघडतंय. जीभ टाळूला लावून, ओठ मिटून झोपायची सवय करा. हनुवटीला धरणारा पट्टा मिळतो, मला त्याचा उपयोग झाला. पण नाक चोंदलेलं असेल तर तोंड उघडणारच, तेव्हा आधी नाकाकडे बघा. मी पावसाळ्यात झोपण्याआधी मिठाच्या पाण्याने नाक धुते, पाणी उकळून कोमट केलेलंच घेते. कायम चोंदत असेल तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना दाखवा. नाकाचं हाड वाकडं असेल तर ते आधी कळलेलं बरं. तोंडावर चिकटपट्टी लावण्याच्या फंदात स्वतःच्या मनाने पडू नका. मशीनचा दाबही स्वतः बदलू नका. पोटात हवा भरून फुगल्यासारखं होत असेल तर तेही डॉक्टरांनाच सांगा.

डिसेंबरात वाईला चांगलीच थंडी पडते. मशीनच्या टाकीतलं पाणी तापून वाफ होते, गार नळीत तिचे थेंब होतात आणि रात्री नाकात पाणी उडतं. पहिल्यांदा मी दचकून उठले होते. मशीन पलंगापेक्षा खालच्या स्टुलावर ठेवा, म्हणजे पाणी मागे ओघळतं. मी जुन्या सुती साडीची पिशवी शिवून नळीला घातली आहे, त्यानेही फरक पडला. पाणी मेडिकलमधून डिस्टिल्ड आणायचं, बॅटरीत घालायचं नव्हे, आणि रोज बदलायचं.

कुशन रोज सकाळी कोमट पाण्यात साध्या साबणाने बोटांनी चोळून धुवा, सावलीत वाळवा. डेटॉल, सॅनिटायझर, गरम पाणी, ऊन, चारही टाळा. पट्टे आठवड्यातून एकदा धुवा. मशीनची गाळणी महिन्याने बघून काळी झाली की बदला. सहा महिन्यांत कुशन पिवळट आणि मऊ पडलं की कितीही नीट बसवा, गळतंच. तेव्हा नवीन घ्या, पट्टे आवळत बसू नका.

ज्यांना मास्क नाकावर आला की जीव घुसमटतो, त्यांच्यासाठी. पहिलीच्या मुलाला आपण एकदम वाक्य लिहायला देत नाही, आधी गिरवायला देतो. तसंच करा. दोन दिवस दुपारी टीव्ही बघताना मास्क नुसता हाताने नाकाशी धरा, मशीन सुरू ठेवून, दहा-पंधरा मिनिटं. मग पट्टे लावून. मग आडवं होऊन. श्वास मुद्दाम जोरात घेऊ नका, नेहमीसारखा घ्या. रात्री घाबरं झालं तर मास्क काढा, उठून बसा, पाणी प्या आणि परत लावा. मला पूर्ण रात्र लागायला पाच आठवडे गेले. वीज गेली तरी मास्क काढून ठेवा, बंद मशीनला जोडून झोपू नका. आमच्याकडे मशीन इन्व्हर्टरच्या बटणावर आहे आणि दिवे गेले की हे पाणी तापवणं तेवढं बंद करतात, म्हणजे बॅटरी पुरते.

आणि दुपारी "पाच मिनिटं पडते" म्हणून जे आडवं होता, तेव्हाही मास्क लावा. श्वास दुपारच्या झोपेतही तसाच अडतो. मी वामकुक्षीला नळी हाताशी घेऊनच पडते, चमकी तेव्हाही डबीत.