देह आणि आत्मा असल्या विषयावर पहिली शॉर्टफिल्म करणाऱ्यांसाठी (सोलापूरचा अनुभव)

आत्मा दाखवायचा म्हणलं की नवीन पोरं आधी व्हॉइसओव्हर लिहायला बसतात, मागं बासरी आणि तलावातलं प्रतिबिंब. मनापासून सांगतो, हे नका करू. शरीर नीट दाखवा, त्याला वेळ द्या, बाकीचं बघणाऱ्याच्या आत घडतं.

आणि त्यासाठी सोलापुरात शोधत फिरायला लागत नाही. जानेवारीत सिद्धेश्वरांची गड्ड्याची यात्रा, त्याच्या आधी नंदीध्वजांचा (यात्रेत तोलून नेतात त्या उंच काठ्यांचा) सराव सुरू होतो, तिथं जाऊन बसा. मिरवणुकीत सात नंदीध्वज, सगळीकडं पांढऱ्या बाराबंद्या, फोटो भारी येतात, पण मला फिल्म सापडली ती सरावात, एवढी उंच काठी तोलणाऱ्याच्या ताठ मानेत, पोटरीत, जमिनीत रुतवलेल्या अंगठ्यात आणि रोखून धरलेल्या श्वासात. भक्ती त्या पोटरीत दिसते हो! बाराव्या शतकात बसवण्णांनी वचनात (म्हणजे छोट्या कन्नड भक्तिरचनेत) देहालाच देऊळ म्हणलंय, सिद्धरामेश्वर, म्हणजे आपले सिद्धेश्वरच, त्याच काळातले आणि स्वतः वचनकार, म्हणजे हा विचार आपल्याकडं बाहेरून आणायची गरजच नाही.

कॅमेऱ्याचं जास्त टेन्शन घेऊ नका, मोबाईल चालतो, पण ट्रायपॉड पाहिजेच. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद ठेवा, आपली वीज ५० हर्ट्झची आहे त्यामुळं ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकत नाही. एक्स्पोजर (चित्राचा उजेड) लॉक करा नाहीतर पांढरे कपडे मध्ये आले की चेहरा काळा पडतो.

खरी मेहनत आवाजावर करा. श्वास पकडायला माइक जवळच लागतो, कॅमेऱ्यावरचा माइक सगळी गल्ली उचलतो. पॉवरलूमच्या शेडमध्ये शूट करणार असाल तर गेन (माइकची आवाज उचलायची पातळी) खूप खाली घ्या, फाटलेला आवाज नंतर दुरुस्त होत नाही. लूम बंद झाल्यावरची शांतता पण अर्धा-एक मिनिट रेकॉर्ड करून ठेवा, एडिटला सोनं आहे ते.

परवानगी आधी घ्या आणि काय करताय ते खरं सांगा. सराव करणारे सहसा नाही म्हणत नाहीत, पण पूजा चालू असताना मध्ये घुसू नका. रफ कट (कच्चं एडिट) पहिल्यांदा त्यांनाच दाखवा, काठी धरायची पद्धत चुकीच्या क्रमानं जोडली असेल तर ते लगेच ओळखतात. आपल्याकडं मराठीबरोबर कन्नड, तेलुगू बोलणारे पण आहेत, तेव्हा संवाद मुळात दोन-चारच ठेवलेत तर सबटायटलचं काम पण हलकं होतं.