कॉम्प्युटर मुका झाला म्हणून डीएलएल डाउनलोड करत बसू नका, या चुका टाळा

यवतमाळ जिल्ह्यात आतल्या गावात माझं झेरॉक्सचं दुकान आहे अन् आजूबाजूच्या चार गावात कॉम्प्युटर बिघडला की तो माझ्याच टेबलावर येतो. मागच्या पावसाळ्यात एक रिटायर गुरुजी आले, नजर गेली आहे त्यांची, पोरानं पाठवलेल्या जुन्या कॉम्प्युटरवर एक जुना प्रोग्राम त्यांना पुस्तकं वाचून दाखवतो. "काऊन गा बाबू, दोन दिवसापासून हा बोलूनच नाही राहिला." स्क्रीनवर मेसेज होता की सॅपी डॉट डीएलएल सापडत नाही. डीएलएल म्हणजे प्रोग्रामांना लागणारी तयार कोडची फाइल, तिलाच लायब्ररीही म्हणतात.

मी काय केलं? जे सगळे करतात तेच. मेसेजमधलं नाव सर्च केलं, पहिली साइट उघडली, फाइल उतरवली, विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात टाकली. ही सगळ्यात मोठी चूक, अन् यात एक नाही तीन चुका आहेत.

पहिली, सॅपी ही मायक्रोसॉफ्टची बोलण्याची अन् ऐकण्याची लायब्ररी, एक्सपीपासून विंडोजसोबतच येते, ती बाहेरून आणायची गरजच नाही. अनोळखी साइटवरच्या डीएलएलमध्ये काय भरून ठेवलं हे तुम्हाला कोण सांगणार? दुसरी, जागाच चुकली. ही फाइल सिस्टम३२ मध्ये उघडी पडलेली नसते, आत स्पीच नावाचं फोल्डर, त्यात कॉमन, तिथं असते. तिसरी अन् भल्याभल्यांना चकवणारी म्हणजे ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली राहतात अन् ३२ बिटच्या राहतात सिसवाव६४ मध्ये. हो, उलटंच आहे, नावं ठेवणाऱ्याला काय म्हणावं. मी रेजएसव्हीआर३२, म्हणजे डीएलएलची विंडोजमध्ये नोंद करणारी कमांड, चालवली तर त्यानं सरळ सांगितलं की ही फाइल जुळत नाही, ३२ बिट की ६४ बिट ते बघ. मी ते न वाचता ओके दाबलं अन् अर्धा दिवस घालवला.

खरं कारण साधं होतं, अपडेट चालू असताना लाइन गेली अन् सिस्टमच्या फाइली खराब झाल्या. उतरवलेली फाइल आधी काढून टाकली, मग कमांड प्रॉम्प्ट अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून एसएफसी, स्पेस, स्लॅश स्कॅननाउ. हे विंडोजची खराब फाइल ओळखून मूळची परत बसवतं. त्यानं नाही जमलं तर डीआयएसएम या विंडोजच्याच दुरुस्तीच्या टूलचं रिस्टोअर हेल्थ चालवायचं, पण त्याला नेट लागतं, म्हणून आमच्याकडे टॉवर धड चालू असेल तेव्हाच हात घाला, आणि यूपीएस नसेल तर लाइनीचा भरवसा पाहून.

प्रोग्राम सुरू झाला पण आवाजांच्या यादीत हिंदी आवाज दिसेना, आणि सेटिंगमध्ये तर तो बसलेला! असं झालं की लोक तोच आवाज पुन्हा पुन्हा डाउनलोड करतात. अहो, विंडोज १० मध्ये सेटिंगमधून घेतलेले आवाज वनकोअर या नव्या आवाजांच्या वेगळ्या नोंदीत जातात, जुने सॅपीवाले प्रोग्राम तिकडे बघतच नाहीत. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीत, हात घालण्यापेक्षा मी एनव्हीडीए टाकून दिलं, हा स्क्रीन वाचून दाखवणारा प्रोग्राम फुकट आहे, वनकोअरचे आवाज ओळखतं अन् सोबत ईस्पीक एनजी नावाचं बोलणारं इंजिन येतं ज्यात मराठी आहे. ईस्पीकचा आवाज टिनाच्या डब्यात बोलल्यासारखा वाटतो, पण हिंदी आवाजानं मराठी वाचून घेऊ नका. तो 'विज्ञान'ला 'विग्यान' म्हणतो, 'चमचा' अन् 'चहा' दोन्हीचा च एकसारखा काढतो. गुरुजींनी दोन्ही ऐकले अन् डबाच निवडला.

आता उलटी बाजू, आपण बोलायचं अन् कॉम्प्युटरनं लिहायचं. एका पोरानं व्हॉस्क, म्हणजे बोललेलं लिहून देणारी लायब्ररी, टाकली, तर तिचं मॉडेल, म्हणजे भाषा ओळखायच्या फाइली, उघडेचना. त्यानं लायब्ररी चारदा पुन्हा टाकली होती, पण मॉडेल ठेवलेल्या फोल्डरचं नाव होतं 'नवीन काम', मराठीत. काही लायब्रऱ्यांना देवनागरी पत्ता वाचता येत नाही, फोल्डरचं नाव इंग्रजी अक्षरात करा अन् मधात स्पेस ठेवू नका. त्याचं तेवढ्यानंच उघडलं. रेकॉर्डिंगही साधारण १६००० हर्ट्झ मोनो लागतं, मोबाइलची फाइल जशीच्या तशी दिली तर काहीबाही शब्द निघतात.

आणि कूलर! एप्रिल-मे मध्ये कूलरसमोर बसून डिक्टेशन घेतात अन् म्हणतात सॉफ्टवेअर बेकार. माइक तोंडाजवळ धरा, दोन मिनिटं कूलर बंद करा, घाम येऊ द्या. 'करून रायलो' म्हणाल तर ते काय लिहील याचा नेम नाही, तेवढं 'करतोय' म्हणावं लागतं, मलाही अजून ते जिभेवर बसलं नाही.