पुस्तकांच्या दुकानाची दुसरी शाखा काढताना

ठाण्यात नौपाड्यातलं आमचं पुस्तकांचं दुकान छान चाललं होतं, म्हणून वाशीला दुसरं काढलं, मग खारघरला तिसरं. आज नौपाड्याचं तेवढं उरलंय. तुम्ही शाखेच्या विचारात असाल तर आधी वही घेऊन बसा.

भाडं रुपयांत नको, पुस्तकांत मोजा. 400 रुपयांच्या पुस्तकावर 30 टक्के कमिशन म्हणजे 120 रुपये. भाडं 45,000 असेल तर नुसत्या भाड्यापायी महिन्याला 375 पुस्तकं, रोजची तेरा. पगार आणि वीज त्यानंतर. छापील पुस्तकांवर जीएसटी नाही. पण म्हणूनच, फक्त पुस्तकं विकत असाल तर भाड्यावर भरलेल्या 18 टक्के जीएसटीची वजावटही मिळत नाही. मला हे करारावर सही केल्यावर कळलं.

रोजमेळ, म्हणजे रोजच्या जमाखर्चाची वही, प्रत्येक दुकानाचा वेगळा. मी सगळा गल्ला एकत्र धरायचे. वाशीचं भाडं नौपाडा भरत होता आणि दोन वर्षं मी समजत होते, दोन्ही दुकानं चालतायत.

माल शक्यतो परतीच्या बोलीवर घ्या. रोखीत कमिशन जास्त सुटतं, पण न खपलेलं पुस्तक आपल्याच फळीवर राहतं. परतीची मुदत कॅलेंडरवर लिहून ठेवा. आणि एका दुकानाची यादी दुसरीकडे जशीच्या तशी नेऊ नका. नौपाड्यात दिवाळी अंकांचे गठ्ठे आठवड्यात संपायचे. वाशीत तुळशीचं लग्न उरकलं तरी काहींची सुतळी सुटलेली नसायची. तिथे लोक मुलांसाठी इंग्रजी पुस्तकं मागत होते. ट्रान्स हार्बरच्या लोकलमधून दोन-दोन पिशव्या अंक मी ठाण्याला परत आणलेत.

सगळ्यात जास्त वेळ घालवा तो माणूस शोधण्यात. काउंटरवर वाचणारं कुणीतरी हवंच. नौपाड्यात कोणत्या आजींना काय वाचून झालंय हे मला ठाऊक असायचं. वाशीचा मुलगा प्रामाणिक होता, पण संगणकात नाव दिसलं नाही की ‘नाही’ म्हणायचा. नव्या माणसाला आधी सहा महिने आपल्या शेजारी उभं करा, मगच जागा बघा.

दुकान बंद करायची वेळ आलीच तर डिपॉझिट भाड्यात जिरेपर्यंत थांबू नका. आगाऊ पैसे देऊन पुस्तक मागवलेल्यांची यादी काढा. माझ्या यादीत अकरा नावं होती. नऊ जणांना पुस्तकं घरी नेऊन दिली, दोघांचे पैसे परत केले, मग पाटी उतरवली.