उच्चदाब वाहिनीचे काम शेतात येण्यापूर्वी

सोयाबीनची काढणी उरकली आहे, तूर शेंगेत आहे, कापसाची वेचणी चालू आहे आणि ज्वारी-हरभऱ्याची पेरणी संपत आली आहे. मराठवाड्यातील काळी रानं वाहने पेलण्याइतकी वाळतात ती याच दिवसांत, त्यामुळे मनोऱ्यांचे पाये खोदणे आणि तारा ओढणे ही कामेही आता वेग घेतात. ज्यांच्या गटातून वाहिनीची आखणी झाली आहे, त्यांनी काम बांधावर येण्याची वाट पाहू नये.

विद्युत कायदा, २००३ च्या कलम १६४ खाली शासनाने पारेषण कंपनीला (उच्चदाब वीज वाहून नेणाऱ्या कंपनीला) अधिकार दिले असतील, तर तिला भारतीय तार कायदा, १८८५ नुसार जमीनमालकाच्या संमतीशिवाय वाहिनी उभारता येते. हरकत घेतल्यास जिल्हाधिकारी तार कायद्याच्याच कलम १६ खाली काम करू देण्याचा आदेश देऊ शकतात. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने १८८५ चा कायदा मोडीत काढला, तरी पारेषण वाहिन्यांपुरता हा भाग चालू ठेवलेला आहे. म्हणून कंपनीच्या प्रतिनिधीकडे सर्वप्रथम कलम १६४ च्या आदेशाची प्रत लेखी अर्जाने मागावी. असा आदेश नसेल, तर विद्युत कायद्याखालील २००६ च्या नियमांप्रमाणे मालकाची किंवा कब्जेदाराची पूर्वसंमती, अथवा जिल्हाधिकाऱ्यांची लेखी परवानगी घेणे कंपनीला बंधनकारक आहे.

आदेश असला तरी शेतकरी हक्कहीन होत नाही. तार कायद्याच्या कलम १० नुसार कंपनीला केवळ वापराचा हक्क मिळतो, सातबारावरील मालकी शेतकऱ्याचीच राहते, नुकसान होईल तितके कमी करावे लागते आणि झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई हितसंबंध असलेल्या सर्वांना द्यावी लागते. यातील ‘सर्वांना’ हा शब्द सहहिस्सेदारांनी, कुळांनी आणि बटईने शेत करणाऱ्यांनी ध्यानात ठेवावा.

खरी अडचण येते ती पुराव्याची. ई-पीक पाहणीत उभ्या पिकाची, बांधावरच्या आंबा-चिंचेची आणि विहिरीची नोंद आजच करावी, कारण सातबारावर शेत पडीक दिसत असेल तर पंचनाम्याच्या वेळी वाद हमखास उभा राहतो. जालन्याच्या मोसंबी बागायतदारांनी झाडांची संख्या, वय आणि मागील विक्रीच्या पावत्या एकत्र ठेवाव्यात. पिकाचे नुकसान पाया खोदताना, मनोरा उभारताना आणि तारा ओढताना असे तीन वेळा होऊ शकते, म्हणून प्रत्येक टप्प्याचा स्वतंत्र पंचनामा तलाठी किंवा कृषी सहायकांच्या उपस्थितीत करून घ्यावा. कोऱ्या किंवा अर्धवट भरलेल्या पंचनाम्यावर सही करू नये; मजकूर मान्य नसल्यास सहीजवळच हरकत लिहावी आणि प्रत त्याच वेळी घ्यावी. पाइपलाइन फुटणे, ठिबकच्या नळ्या तुटणे, बांध मोडणे आणि खोदलेला मुरूम वावरात पसरणे ही नुकसाने बहुधा लिहायची राहून जातात.

पिकांव्यतिरिक्त जमिनीचाही मोबदला असतो. केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाच्या जून २०२४ च्या मार्गदर्शक सूचनांत मनोऱ्याच्या पायाखालील क्षेत्रासाठी जमिनीच्या मूल्याच्या २०० टक्के आणि तारांखालील पट्ट्यासाठी ३० टक्के दर सुचविला आहे. हा पट्टा १३२ केव्ही (किलोव्होल्ट) वाहिनीसाठी साधारण २७ मीटर आणि २२० केव्हीसाठी ३५ मीटर असतो. राज्यांतर्गत वाहिन्यांना राज्य शासनाचा निर्णय लागू होत असल्याने आपल्या वाहिनीला कोणता शासन निर्णय लागू आहे, हे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे लेखी विचारावे. रक्कम तोंडी ठरवून घेतलेल्यांचे हाल आपण गावोगाव पाहतो.

मिळालेली रक्कम अपुरी वाटल्यास तार कायद्याच्या कलम १६(३) खाली जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करता येतो. जमिनीचे ठिकाण, वाहिनी शेताच्या कडेने जाते की मधोमध, आणि क्षेत्र लहान आहे का, या बाबी भरपाई ठरवताना विचारात घ्याव्या लागतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये सांगितले आहे. त्यामुळे वाहिनीची दिशा दाखवणारा गटाचा मोजणी नकाशा अर्जासोबत अवश्य जोडावा.

वाहिनी सुरू झाल्यावर तारांखाली कडब्याची गंजी लावू नये, उसाचे पाचट पेटवू नये आणि उंच वाढणारी झाडे लावू नयेत.