घरी अरबी गहवा करताय? या चुका टाळा

रियाधला आमच्या समोरच्या घरात सौदीतल्याच कसीम प्रांताकडच्या एक वयस्कर बाई राहायच्या. सगळी बिल्डिंग त्यांना खाला, म्हणजे मावशी, म्हणायची, आम्हीही तेच म्हणू लागलो. त्यांच्या हातचा गहवा पहिल्यांदा प्यायले तेव्हा ती कॉफी आहे हे त्यांना मला सांगावं लागलं. पातळ मधासारखा सोनेरी रंग, नाकात वेलदोडा भरून राहिलेला, आणि घोट गिळल्यावर मागून येणारी हलकी कडसर चव. दुसऱ्या दिवशी मी घरी करायला गेले. झाला तो काळपट, कडू काढा. त्यानंतरही बरेच दिवस तो बिघडतच राहिला.

पुढे खालांच्या स्वयंपाकघरात उभं राहून पाहिलं तेव्हा कारण कळलं. माझा हात चहाचा होता. खळखळून उकळायचं, सगळं एकदम टाकायचं, गडद रंग आला की झालं असं समजायचं, हे सगळं चहाला शोभतं. गहव्याला या प्रत्येक सवयीने धक्का लागतो. कोकणातल्या आणि इतर ठिकाणच्या कितीतरी घरांतली माणसं आखातात राहून आली आहेत. परतल्यावर तीच चव घरी आणायचा प्रयत्न होतो आणि बहुतेक जण याच ठिकाणी अडतात. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

भाजणीतच बिघडतो

इन्स्टंट कॉफी किंवा चिकोरी घातलेली फिल्टर कॉफी घेऊन त्यात वेलदोडा टाकला तर गहवा होत नाही. त्याला फिकी भाजलेली अरेबिका कॉफी लागते. अरबस्तानातही सगळीकडे एकच भाजणी नसते. शाम प्रदेशात, म्हणजे जॉर्डन-सीरियाकडे, ती बरीच गडद असते, तर नज्दमध्ये, रियाध-कसीमकडे, अगदी पिवळट सोनेरी. मी इथे नज्दच्या पद्धतीचंच सांगते आहे, कारण तीच मला येते.

भारतात फिकी भाजलेली पूड सहज मिळत नाही, पण कच्च्या बिया मिळतात. चिकमगळूर, कूर्ग, अराकूकडच्या अरेबिकाच्या बिया आता घरपोच येतात. सतराव्या शतकात सूफी संत बाबा बुडन यांनी येमेनच्या मोखा बंदरातून सात बिया चिकमगळूरच्या डोंगरात आणल्या अशी कथा आहे, तेव्हा आपल्या बियांचं नातं मुळात तिकडचंच. सौदीत सर्वांत मानाची बी म्हणजे नैर्ऋत्येकडच्या जाझानच्या डोंगरातली खौलानी. तिच्या लागवडीच्या परंपरेला २०२२ साली युनेस्कोच्या वारसा यादीत स्थान मिळालं.

भाजायला जाड लोखंडी कढई घ्या. एका वेळी २०० ग्रॅमपेक्षा जास्त बिया नकोत. आच मध्यम ठेवा आणि उलथनं एक क्षणही थांबवू नका. सुरुवातीला बिया हिरवट राखाडी असतात. चार-पाच मिनिटांत पिवळ्या पडतात आणि ओल्या गवतासारखा वास सुटतो. इथे पुष्कळ जण ‘फिकीच हवी ना’ म्हणून गॅस बंद करतात. ही बी अजून कच्ची आहे. थोडं थांबलं की गवताचा वास जाऊन भाजलेल्या पावाच्या कडेसारखा वास येऊ लागतो आणि रंग हलक्या भाजलेल्या चणाडाळीवर येतो. आता उतरवायचं. तडतड ऐकू येऊ लागली तर मात्र एक सेकंदही दवडू नका.

उतरवायचं म्हणजे कढईतून बाहेर काढायचं. नुसता गॅस बंद करून बिया कढईत ठेवल्या तर तापलेलं लोखंड त्यांना आणखी दोन छटा पुढे नेतं. मी त्या लगेच सुपात ओतते आणि पाखडते. बिया निवतात आणि वरची पातळ सालपटं उडून जातात. सालपटं राहिली तर पेयात तरंगतात. थालीपिठाच्या भाजणीत आपण जो खमंगपणा शोधतो, त्याच्या बराच अलीकडे इथे थांबायचं आहे.

चुकलंच तर काय? जास्त भाजली गेलेली बी परत येत नाही. ती दुधाच्या कॉफीला वापरा, वाया जाणार नाही. कच्ची राहिली असेल तर दळण्याआधी पुन्हा कढईत घालून दोन-तीन मिनिटं परता. अगदी एकसारखी होत नाही, पण कामाला येते. गहवा तयार झाल्यावर कच्च्या वाटाण्यासारखा लागला आणि जिभेच्या कडेला आंबटपणा आला, तर दोष भाजणीचाच आहे. कितीही उकळलं तरी तो जाणार नाही.

पूड रव्याइतकी जाड

कमी भाजलेली बी दगडासारखी टणक असते. मिक्सर सलग फिरवला तर भांडं तापतं, पूड अर्धी पिठासारखी आणि अर्धी भरड होते. पिठासारखा भाग तळाशी बसतच नाही, घोटाबरोबर तोंडात येतो. थोड्या थोड्या बिया घ्या, मिक्सर थांबवत थांबवत फिरवा, आणि इडलीच्या रव्याइतकी जाडी आली की थांबा. बारीक पीठ झालंच असेल तर चाळणीने काढून टाका. खालांकडे पितळी खलबत्ता होता. बियांवर पडणाऱ्या बत्त्याचा आवाज आमच्या दारापर्यंत यायचा. तो आवाज म्हणजे शेजाऱ्यांना बोलावणं असतं, असं त्या सांगायच्या.

उकळी: वर येऊ द्या, उतू देऊ नका

एक लिटर पाण्याला साधारण ३० ते ३५ ग्रॅम पूड, म्हणजे पाच-सहा सपाट मोठे चमचे. बोअरचं खारट पाणी असेल तर पिण्याचं गाळलेलं पाणी घ्या. जड पाण्यात चव सपाट होते.

पाण्याला उकळी आली की गॅस बारीक करून मगच पूड टाका. खळखळत्या पाण्यात टाकलीत तर फेस क्षणात वर चढतो आणि अर्धी कॉफी शेगडीवर जाते. भांडं निम्म्याहून थोडंच जास्त भरलेलं असू द्या. फेस वर आला की भांडं उचला, बसला की पुन्हा ठेवा, असं दोन-तीनदा केलं की तो शांत होतो. मग बारीक आचेवर दहा ते पंधरा मिनिटं मंद उकळत ठेवायचं. फिक्या भाजणीच्या बीतून अर्क सावकाश उतरतो, त्यामुळे तीन मिनिटांत गाळलं तर नुसतं रंगीत पाणी मिळतं. आणि घाईने आच मोठी केली तर तुरटपणा येतो. माझी सुरुवातीची बरीचशी गाडी इथेच अडली होती.

वेलदोडा कधी, केशर कुठे

यावर मी जरा हट्टी आहे. वेलदोडा, ज्याला तिकडे हेल म्हणतात, हा गहव्याचा अर्धा जीव आहे. चहात आपण दोन वेलदोडे ठेचतो. इथे एक लिटरला भरड कुटलेल्या वेलदोड्याचे दोन मोठे चमचे लागतात. ऐकून हात कचरतो, पण त्याहून कमी घातलं तर ते सुगंधी कॉफीचं पाणी होतं. पहिल्यांदा एक चमचा घालून पाहा, हवं तर वाढवा.

हिरवेगार, फुगीर वेलदोडे घ्या आणि आयत्या वेळी सालीसकट कुटा. तयार पूड वापरू नका. डबा उघडला की सुगंध उडू लागतो, महिन्याभराने भुसा उरतो. आणि सुरुवातीलाच टाकून पंधरा-वीस मिनिटं उकळू नका. वेलदोड्याचा वास ज्या तेलात असतो ते वाफेबरोबर निघून जातं. स्वयंपाकघर घमघमतं आणि पेय रिकामं राहतं. कॉफी उकळून झाली की शेवटच्या पाच मिनिटांसाठी वेलदोडा घाला, झाकण ठेवा. लवंग घालणार असाल तर तीन-चार पुरेत. सौदीत तिला मिस्मार म्हणतात, म्हणजे खिळा, आणि जास्त झाली तर ती खिळ्यासारखीच टोचते.

केशर आचेवरच्या भांड्यात टाकायचंच नाही. ते वाढायच्या भांड्यात, म्हणजे दल्ल्यात किंवा थर्मासात, आधी तळाशी टाकून ठेवायचं. दहा-बारा काड्या बोटांनी चुरडून टाका आणि त्यावर गरम गहवा ओता. पाच मिनिटांत रंग आणि वास उतरतो. रंगासाठी हळदीची चिमूट टाकणारेही मी पाहिले आहेत. कृपा करून टाकू नका, भाजीचा वास येतो. केशर नसेल तर नसू द्या. त्याविना केलेला गहवाही खरा गहवाच.

गाळण्याची घाई

गॅस बंद केल्यावर भांडं पाच-सात मिनिटं हलवू नका. चोथा तळाशी बसू द्या, वरचं निवळ होऊ द्या. मग हलक्या हाताने वरचं वरचं ओतून घ्या आणि तळचा बोटभर थर तसाच सोडा. शेवटचा थेंब निघावा म्हणून भांडं पूर्ण उलटं केलं की सगळी मेहनत गढूळ होते. चहाची गाळणी धरायला हरकत नाही, पण निवळायला वेळ दिल्यावरच. जुन्या पद्धतीत दल्ल्याच्या चोचीत खजुराच्या झाडाच्या तंतूंची बोळी बसवतात, गाळणी म्हणून. दल्ला म्हणजे लांब चोचीचं ते अरबी भांडं. अमिरातीच्या एक दिरहमच्या नाण्यावर त्याचंच चित्र आहे.

चोथा थर्मासात गेला तर तो आतमध्ये भिजतच राहतो आणि तासाभराने कडवटपणा वाढतो. ‘पहिला कप छान होता, नंतर बिघडला’ ही तक्रार आली तर आधी थर्मासाचा तळ पाहा. दुसरी शक्यता म्हणजे त्या थर्मासात एरवी चहा ठेवला जातो. दुधाचा आणि आल्याचा वास रबराच्या कडीत मुरतो, आणि गहवा इतका नाजूक असतो की तो लपत नाही. शक्य असेल तर वेगळा थर्मास ठेवा. नाहीतर खाण्याचा सोडा आणि गरम पाणी घालून रात्रभर ठेवा, सकाळी खळखळून धुवा. ओतण्याआधी थर्मासात गरम पाणी फिरवून घ्या. निवलेला गहवा पुन्हा उकळू नका. दोन तासांत संपेल इतकाच करा.

साखर नाही, खजूर

गोड लागत नाही म्हणून गहव्यात साखर घातली की वेलदोड्याची धार बोथट होते, आणि दूध तर त्यात बसतच नाही. गोडी बाजूच्या ताटलीत असते. आधी अर्धा खजूर खा, मग घोट घ्या. ज्यांना नुसता गहवा कडू लागतो त्यांनाही असा चालतो, हे मी माझ्या सासूबाईंवर अनुभवलं आहे. बिनसाखरेचं पेय त्यांनी जन्मात तोंडात घेतलं नव्हतं.

खजूर मऊ हवा. कोरडी खारीक दिली तर तोंडातला घोट संपतो आणि खारीक उरते.

कप भरू नका

पाहुण्यांसाठी करणार असाल तर ही एक चूक नक्की टाळा. आपल्याकडे कप काठोकाठ भरणं हे आपुलकीचं लक्षण. तिकडे बिनकानाच्या छोट्या कपात, फिंजानात, तळाला चतुर्थांशच ओततात आणि संपला की पुन्हा. काठोकाठ भरलेलं फिंजान म्हणजे ‘प्या आणि निघा’. दल्ला डाव्या हातात, फिंजान उजव्या हाताने द्यायचं, सुरुवात सर्वांत ज्येष्ठ किंवा मानाच्या पाहुण्यापासून. २०१५ साली सौदी, अमिराती, ओमान आणि कतार यांच्या प्रस्तावावरून युनेस्कोने अरबी कॉफीची ही परंपरा वारसा यादीत घेतली, ती आदरातिथ्याचं प्रतीक म्हणून. निदान एक फिंजान घ्यावं आणि तिनापुढे जाऊ नये, असा रिवाज आहे.

हे मला माहीत नव्हतं. खालांकडे पहिल्या दिवशी मी रिकामं फिंजान पुढे धरून ‘बस, बस’ म्हणत राहिले आणि त्या ओतत राहिल्या, कारण पुढे केलेलं फिंजान म्हणजे आणखी हवं. पाचव्या खेपेला त्यांच्या सुनेने माझं मनगट हलकेच धरलं आणि फिंजान डावी-उजवीकडे दोनदा हलवून दाखवलं. खालांनी लगेच दल्ला खाली ठेवला.